‘दाउ’ : एका सर्वनामाचा ऱ्हास आणि त्याचे उत्तरायुष्य

१

प्रचारातून गेलेल्या शब्दरूपासाठी मराठी समीक्षेत ‘आर्ष’ ही संज्ञा रूढ आहे. मुळात ती ऋषींच्या वापरातील, व्याकरणाच्या नियमात न बसणाऱ्या परंतु ऋषींच्या अधिकारामुळे शिष्ट ठरलेल्या प्रयोगांसाठी होती. त्यामुळे ‘जुने’ आणि ‘पूज्य’ हे दोन अर्थ या संज्ञेत पहिल्यापासून एकमेकांत मिसळलेले आहेत. एखाद्या शब्दाला आर्ष म्हटले, की तो केवळ कालबाह्य झाला एवढेच सांगितले जात नाही. त्याला एक प्रकारचे गांभीर्य आणि पावित्र्यही नकळत बहाल केले जाते. इंग्रजीतील ‘दाउ’ या द्वितीयपुरुषी एकवचनी सर्वनामाकडे मराठी अभ्यासकाने ज्या दृष्टीने पाहिले आहे, तिच्यामागे हे मिश्रण आहे.

एकोणिसाव्या शतकापासून मराठी विद्यार्थ्याला ‘दाउ’ भेटले ते प्रामुख्याने तीन ठिकाणी. शालेय व्याकरणातील क्रियापदांच्या कोष्टकात ते पहिल्या आणि तिसऱ्या पुरुषाच्या मध्ये निमूटपणे उभे असे. बायबलच्या १६११च्या भाषांतरात ते देवाच्या तोंडी आणि देवासमोर हात जोडणाऱ्याच्या तोंडी असे. आणि शेले, कीट्स यांच्या संबोधनपर कवितांत ते चंडोलाला, शरदऋतूला, ग्रीक कलशाला उद्देशून येई. या तिन्ही ठिकाणी ते बोलण्याच्या भाषेपासून दूर गेलेले होते. साहजिकच ते उदात्त, भारदस्त, काव्यमय असल्याचा समज दृढ झाला. पुढे तोच विद्यार्थी शेक्सपिअरकडे वळला तेव्हा तेथील ‘दाउ’ही त्याने याच कानाने ऐकले.

हा समज निराधार नाही. परंतु तो कालविपर्यासावर आधारलेला आहे. ‘दाउ’ जिवंत होते तेव्हा ते मुलाला, नोकराला, जिवलग मित्राला, प्रेयसीला आणि शत्रूला उद्देशून वापरले जाई. देवालाही ते वापरले जाई, पण ते त्याच्या आदरार्थामुळे नव्हे. या शब्दाचे पावित्र्य हे बहुतांशी त्याच्या मृत्यूनंतरचे आहे. ते कोणी, कसे आणि कोणत्या गरजेतून निर्माण केले, याचा मागोवा घेतल्यास शब्दाचे ‘जुनेपण’ हा त्याचा अंगभूत गुण नसून वाचकाशी असलेला एक ऐतिहासिक संबंध आहे, हे स्पष्ट होते. मराठीसारख्या, ‘तू’ आणि ‘तुम्ही’ यांतील भेद आजही जिवंत असलेल्या भाषेच्या दृष्टीने या इतिहासाला विशेष महत्त्व आहे.

२

प्राचीन इंग्रजीत या सर्वनामाचे रूप ‘थू’ असे होते. संस्कृत ‘त्वम्’, लॅटिन ‘तू’ आणि मराठी ‘तू’ यांचे ते सगोत्र रूप. जर्मानिक शाखेत मूळ ‘त’चा ‘थ’ झाला, एवढाच फरक. एकवचनासाठी ‘थू’, अनेकवचनासाठी ‘ये’ आणि दोघांना उद्देशून बोलताना ‘यित’ हे द्विवचनी रूप, अशी ही व्यवस्था होती. द्विवचन तेराव्या शतकाच्या सुमारास नाहीसे झाले. या व्यवस्थेत भेद होता तो केवळ संख्येचा. राजा असो वा गुराखी, समोर एकच व्यक्ती असेल तर तिला ‘थू’च म्हटले जाई. आदर व्यक्त करण्याचे काम सर्वनामाकडे मुळी सोपवलेलेच नव्हते.

एका व्यक्तीला अनेकवचनाने संबोधण्याची रीत इंग्रजीत आली ती नॉर्मन विजयानंतर, फ्रेंच दरबारी शिष्टाचाराच्या अनुकरणातून. तेराव्या शतकापासून तिचे दाखले मिळू लागतात. फ्रेंचमधील ही रीत उत्तरकालीन लॅटिनमधून आलेली. चौथ्या शतकात रोमन साम्राज्याचे दोन सम्राट होते, त्यांपैकी एकाला उद्देशून बोलणे म्हणजे दोघांना उद्देशून बोलणे होय, म्हणून सम्राटासाठी अनेकवचन आले, अशी एक उपपत्ती प्रसिद्ध आहे. तिच्याविषयी मतभेद आहेत. परंतु सत्तेचे आणि अनेकवचनाचे नाते अनेक भाषांत दिसते, हे मराठी वाचकाला वेगळे सांगावे लागत नाही.

या बदलाचा परिणाम असा झाला, की संख्येचा भेद दाखवणाऱ्या शब्दांवर श्रेणीचा आणि जवळिकीचा भार येऊन पडला. चॉसरच्या काळापर्यंत ही नवी व्यवस्था साहित्यात चांगलीच रुळलेली होती. १३८०च्या दशकातील त्याच्या ‘ट्रॉयलस अँड क्रिसेड’ या काव्यात प्रेमिक एकमेकांना प्रायः अनेकवचनाने संबोधतात, तर ट्रॉयलस आणि त्याचा मित्र पँडरस यांच्यातील संभाषणात एकवचन मोकळेपणाने येते. दरबारी प्रेमाच्या संकेतानुसार प्रेयसी ही स्वामिनी असते. तिच्याशी बोलताना अंतर राखणे हाच प्रेमाचा शिष्टाचार. म्हणजे मैत्री एकवचनात आणि प्रणय अनेकवचनात, अशी ही विभागणी आहे. केवळ ‘जवळचा म्हणून तू’ या सूत्राने ती उलगडत नाही.

३

सोळाव्या शतकाच्या अखेरीस लंडनच्या सुशिक्षित समाजात ‘यू’ हे साधे, तटस्थ संबोधन झाले होते. मूळचे ‘यी’ हे कर्तृरूप मागे पडून ‘यू’नेच दोन्ही कामे करायला प्रारंभ केला होता. व्यापाराने आणि शिक्षणाने सामाजिक स्थान बदलू लागलेल्या या शहरात समोरच्याची श्रेणी नेमकी ओळखणे अवघड होत चालले होते; चुकून अपमान होण्यापेक्षा ‘यू’ बरे, ही वृत्ती बळावली, असे स्पष्टीकरण सामान्यतः दिले जाते. या काळात ‘दाउ’ नाहीसे झालेले नव्हते. परंतु सर्वसाधारण ठिकाणी ‘यू’ येऊ लागल्यामुळे ‘दाउ’चा प्रत्येक वापर ठळक होऊ लागला. त्यात माया असे, तुच्छता असे, क्रोध असे, पण तटस्थता क्वचितच असे. नाटककाराच्या हाती याहून चांगले साधन कोणते असणार?

शेक्सपिअरच्या ‘ट्वेल्फ्थ नाइट’मध्ये सर टोबी हा सर अँड्र्यूला द्वंद्वाचे आव्हानपत्र कसे लिहावे हे शिकवतो, तेव्हा प्रतिस्पर्ध्याला तीनदा ‘दाउ’ केले तर बरे, असा सल्ला देतो. ‘दाउ’ येथे क्रियापद म्हणून आले आहे. मराठीतील ‘अरे-तुरे करणे’ हा वाक्प्रचार त्याचा अगदी नेमका समानार्थी आहे. १६०३च्या नोव्हेंबरात विंचेस्टर येथे सर वॉल्टर रॅली याच्यावर राजद्रोहाचा खटला चालला, तेव्हा सरकारी वकील एडवर्ड कोक याने भर न्यायालयात त्याला राजद्रोही म्हणत, आपण त्याला ‘दाउ’ करीत आहोत असे बजावून सांगितले. अठराव्या शतकातील संपादक ल्यूइस थिओबाल्ड याने टोबीचे वाक्य हा या प्रसंगावरील शेरा मानला होता. पण १६०२च्या फेब्रुवारीतील या नाटकाच्या प्रयोगाची नोंद जॉन मॅनिंगहॅमच्या दैनंदिनीत असल्याचे नंतर उघड झाले आणि हे मत टिकले नाही. मत कोसळल्यामुळे प्रसंगाचे महत्त्व मात्र वाढते. रंगभूमीवरील विनोद आणि न्यायालयातील अपमान एकमेकांपासून स्वतंत्रपणे एकाच सामाजिक संकेताची साक्ष देतात.

‘हॅम्लेट’मधील राणीच्या महालातील प्रवेश या दृष्टीने पाहण्यासारखा आहे. गर्ट्रूड मुलाला आरंभी एकवचनाने, आईच्या हक्काने, रागावते. हॅम्लेट तिचीच वाक्यरचना उचलून तिच्यावर उलटवतो, परंतु सर्वनाम तेवढे अनेकवचनी ठेवतो. लगेच पुढच्या वाक्यात गर्ट्रूडही ‘यू’वर येते. आईने दिलेली जवळीक मुलाने नाकारली आणि आईने ती मागे घेतली, ही सगळी घटना दोन-तीन ओळींत, केवळ सर्वनामांच्या पातळीवर घडते. वरच्या वर्गातील मुलाने आईवडिलांना ‘यू’ म्हणणे हा तत्कालीन शिष्टाचारच होता, असा आक्षेप येथे घेता येईल. तो योग्यही आहे. पण हॅम्लेटचे उत्तर त्या शिष्टाचाराच्या आडून येते म्हणूनच ते अधिक बोचरे होते. आईला मात्र ‘यू’कडे जाण्याचे कोणतेही शिष्टाचारी कारण नव्हते.

‘किंग लिअर’च्या पहिल्या प्रवेशात हे अधिक गुंतागुंतीचे होते. लिअर मोठ्या दोघी मुलींना राज्याचा वाटा देताना एकवचन वापरतो. ते दानपत्राच्या भाषेतील राजाचे एकवचन आहे. लाडक्या कॉर्डेलियाला मात्र तो ‘यू’ म्हणतो. तिच्या उत्तराने दुखावल्यावर तो एकवचनावर उतरतो, आणि ते एकवचन नाते तोडणाऱ्याचे असते. त्याच प्रवेशात केंट राजाला प्रथम सन्मानपूर्वक संबोधतो; मग राजाचा अविवेक असह्य झाल्यावर त्याला म्हातारा म्हणून, चक्क ‘दाउ’ म्हणून हटकतो. सरदाराने राजाला भर दरबारात अरे-तुरे करणे हा केवळ उद्धटपणा नव्हे. राजपदाने दिलेले अनेकवचन लिअरने स्वतःच राज्याबरोबर वाटून टाकले आहे, आता उरला आहे तो एक माणूस, असा त्याचा ध्वन्यर्थ आहे. संपूर्ण नाटकाचा आशय या एका सर्वनामबदलात बीजरूपाने आलेला आहे.

रॉजर ब्राउन आणि अल्बर्ट गिलमन यांचा ‘सत्ता आणि एकात्मता यांची सर्वनामे’ या विषयावरील निबंध १९६०मध्ये प्रसिद्ध झाला. टॉमस सेबिऑक यांनी संपादित केलेल्या ज्या ग्रंथात तो आहे, त्यातच रोमन याकबसन यांचे भाषाविज्ञान व काव्यशास्त्र यांच्या संबंधावरील विख्यात विवेचनही आहे. युरोपीय भाषांतील द्वितीयपुरुषी सर्वनामांचा इतिहास म्हणजे विषम ‘सत्ता’तत्त्वाकडून परस्पर ‘एकात्मता’तत्त्वाकडे झालेला प्रवास होय, अशी त्यांची मांडणी आहे. समाजभाषाविज्ञानात ती पायाभूत ठरली. साहित्याच्या अभ्यासकाला मात्र ती अपुरी पडते. लिअर एका मुलीला एकाच प्रवेशात दोन्ही सर्वनामांनी संबोधतो, तेव्हा त्या दोघांची सामाजिक श्रेणी बदललेली नसते. बदललेला असतो तो क्षण. सामाजिक नियम हा येथे अर्थ नव्हे, तर अर्थनिर्मितीची सामग्री आहे. नियम सर्वांना ठाऊक असतो म्हणूनच त्याच्या उल्लंघनाला अर्थ प्राप्त होतो.

४

सतराव्या शतकाच्या मध्यावर ‘दाउ’ हा शब्द अनपेक्षितपणे धार्मिक-राजकीय संघर्षाच्या केंद्रस्थानी आला. जॉर्ज फॉक्स आणि त्याचे अनुयायी, म्हणजे क्वेकर पंथीय, यांनी गरीब-श्रीमंत, थोर-सामान्य असा भेद न करता प्रत्येकाला एकवचनानेच संबोधायचे ठरवले. कोणापुढेही टोपी न काढणे हे त्याच भूमिकेचे दुसरे अंग. त्यांचा युक्तिवाद दुहेरी होता. एका व्यक्तीला अनेकवचन लावणे हे असत्य आहे, हा त्याचा व्याकरणिक भाग. आणि मनुष्य देवाला ‘दाउ’ म्हणतो, पण स्वतःला मात्र ‘यू’ म्हणवून घेऊ पाहतो, हा अहंकार आहे, हा नैतिक भाग. १६६०मध्ये फॉक्स, जॉन स्टब्स आणि बेंजामिन फर्ली यांनी एक विलक्षण ग्रंथ प्रसिद्ध केला. एकवचन आणि अनेकवचन यांतील भेद विद्वानांना मुलांप्रमाणे शिकवावा, या उपरोधिक हेतूने त्यात अनेक भाषांतील सर्वनामांचे दाखले गोळा केलेले आहेत. तौलनिक व्याकरणाचा उपयोग सामाजिक समतेसाठी केल्याचे हे एक आरंभीचे उदाहरण म्हणावे लागेल.

या आग्रहाची किंमत क्वेकरांना मारहाण आणि तुरुंगवास यांच्या रूपाने द्यावी लागली. टॉमस एलवुड याच्या १७१४मध्ये, मरणोत्तर प्रसिद्ध झालेल्या आत्मचरित्रात या संघर्षाचे घरगुती रूप दिसते. त्याचा पिता ऑक्सफर्डशायरमधील न्यायाधिकारी होता. मुलाने टोपी न काढणे आणि बापाला ‘दाउ’ म्हणणे त्याला असह्य झाले आणि त्याने मुलाला बदडले. हाच एलवुड पुढे अंध मिल्टनला ग्रंथ वाचून दाखवू लागला. १६६५मध्ये मिल्टनने ‘पॅरडाइज लॉस्ट’चे हस्तलिखित त्याला वाचायला दिले. ते परत करताना, हरवलेल्या स्वर्गाविषयी पुष्कळ सांगितले, आता सापडलेल्या स्वर्गाविषयी काय सांगायचे आहे, अशा अर्थाचा प्रश्न एलवुडने केला, आणि ‘पॅरडाइज रिगेन्ड’ची प्रेरणा म्हणून तो साहित्येतिहासात नोंदला गेला. त्या प्रश्नाचे सर्वनाम सहसा कोणाच्या लक्षात येत नाही. एलवुडच्या स्वतःच्या कथनाप्रमाणे तो मिल्टनला ‘दाउ’ म्हणतो. आधुनिक वाचकाला हा महाकवीविषयीचा काव्यमय आदर वाटतो. प्रत्यक्षात तिशीही न गाठलेल्या तरुणाने वडीलधाऱ्या विद्वानाला केलेले ते समतेचे, समकालीनांच्या कानाला खटकणारे संबोधन आहे.

क्वेकरांचा प्रयोग सामाजिक दृष्ट्या यशस्वी झाला नाही. सर्वांसाठी असलेले सर्वनाम एका पंथाची खूण होऊन बसले. अन्य इंग्रजांना ते टाळण्याचे आणखी एक कारण त्यामुळे मिळाले असावे, असेही म्हटले जाते. इंग्रजीने समता साधली ती उलट दिशेने. सर्वांना ‘दाउ’ न करता तिने सर्वांना ‘यू’ केले. खाली उतरवून समता आणि वर चढवून समता, असे हे दोन मार्ग आहेत. मराठी समाजाच्या अनुभवाशी ही तुलना ताडून पाहावी. गावगाड्यात वयोवृद्ध अस्पृश्यालाही सवर्ण घरातील पोराने अरे-तुरे करावे, हा रिवाज होता. दलित साहित्याने ही वेदना समर्थपणे मांडली आहे. तेथे आत्मसन्मानाची मागणी ही ‘अहो-जाहो’ची मागणी असणे स्वाभाविक होते. ज्याला पिढ्यान्‌पिढ्या ‘तू’च म्हटले गेले, त्याला सर्वत्रिक ‘तू’मध्ये मुक्ती कशी दिसावी? क्वेकरांची समता ही बव्हंशी ज्यांना ‘यू’ सोडून देणे शक्य होते, त्यांची समता होती. उलट पतीला ‘अहो’ म्हणण्याची प्रथा सोडून ‘तू’ म्हणू लागलेल्या स्त्रियांच्या संदर्भात समतेची दिशा क्वेकरांसारखीच आहे. एकच सर्वनाम कोणी कोणाला द्यायचे, यावर त्याचा राजकीय अर्थ ठरतो.

५

बोलण्यातून ओसरत असतानाच ‘दाउ’ने धर्मग्रंथात कायमचा आश्रय घेतला. विल्यम टिंडलच्या १५२६च्या नव्या करारात आणि त्याच्या परंपरेतील १६११च्या अधिकृत भाषांतरात ‘दाउ’चा वापर सर्वस्वी व्याकरणिक आहे. हिब्रू आणि ग्रीक मूळ संहितांत एकवचन-अनेकवचन भेद आहे, आदरार्थी अनेकवचन नाही. भाषांतरकारांनी तो भेद निष्ठेने उतरवला. त्यामुळे तेथे देवाला, राजाला, सेवकाला आणि सैतानाला, सर्वांनाच ‘दाउ’ आहे. या भेदाला अर्थाच्या दृष्टीने मोलही आहे. लूकच्या शुभवर्तमानात, बाविसाव्या अध्यायात, सैतानाची मागणी सांगताना येशू अनेकवचन वापरतो आणि प्रार्थनेचे आश्वासन देताना एकवचन. संकट सर्व शिष्यांवर आहे, आश्वासन मात्र एकट्या शिमोन पेत्राला. केवळ ‘यू’ असलेल्या आधुनिक इंग्रजी भाषांतरात हा भेद सहजासहजी दाखवता येत नाही.

परंतु भाषांतर स्थिर राहिले आणि बोलणे बदलले. प्रमाण इंग्रजीच्या रोजच्या व्यवहारातून ‘दाउ’ १७००च्या सुमारास जवळजवळ गेलेच होते. रॉबर्ट लाउथ याने १७६२च्या व्याकरणात, शिष्ट भाषेतच काय पण घरगुती भाषेतही त्याचा वापर राहिलेला नाही, अशी नोंद केली. त्याच व्याकरणात त्याने पोपला ‘दाउ’बरोबर क्रियापदाचे ‘-एस्ट’ प्रत्ययाचे रूप न वापरल्याबद्दल दोष दिला. उच्चाराला अवघड अशी ही रूपे कवींना टाळावीशी वाटत होती आणि व्याकरणकार त्यांचा आग्रह धरत होते. जिवंत शब्दाच्या बाबतीत असा वाद उद्भवत नाही. ‘दाउ’चे नियम आता बोलणाऱ्याच्या जिभेवर नव्हते, ग्रंथात होते.

या टप्प्यावर अर्थाची उलथापालथ पूर्ण झाली. दर रविवारी देवाला उद्देशून आणि अन्यत्र कोणालाच उद्देशून नाही, असा ज्याचा वापर झाला, तो शब्द आदरार्थी वाटू लागला. रोमँटिक कवींनी तो याच अवस्थेत उचलला. १८१९-२०च्या सुमारास कीट्स आणि शेले जेव्हा कलशाला किंवा चंडोलाला ‘दाउ’ म्हणतात, तेव्हा समोरून उत्तर येण्याची शक्यताच नसते. शेक्सपिअरचे ‘दाउ’ संवादातील होते आणि त्याला प्रत्युत्तर होते. रोमँटिक ‘दाउ’ हे आत्मगत संबोधनाचे आहे. काव्यभाषेच्या कृत्रिमतेवर १८००च्या प्रस्तावनेत टीका करणाऱ्या वर्ड्‌स्वर्थनेही मिल्टनला सुनीतातून हाक मारताना याच सर्वनामाचा आधार घेतला. एलवुडचे आणि वर्ड्‌स्वर्थचे मिल्टनला उद्देशून आलेले ‘दाउ’ शेजारी ठेवले, तर या शब्दाचा दीडशे वर्षांचा प्रवास लक्षात येतो. पहिले अंतर नाकारणारे आहे, दुसरे अंतर निर्माण करणारे.

विसाव्या शतकात हा नवा अर्थ नियमबद्धही झाला. बायबलच्या १९५२च्या सुधारित अमेरिकन भाषांतराने सर्वत्र ‘यू’ स्वीकारले, परंतु देवाला उद्देशून ‘दाउ’ कायम ठेवले. मग पृथ्वीवरील येशूला कोणते सर्वनाम, हा प्रश्न आला. तेथे ‘यू’ वापरल्यामुळे त्याचे देवत्व नाकारले जाते, असा आक्षेप काहींनी घेतला. ज्या मूळ संहितांत हा भेद नाही, तेथे तो भाषांतराने आणला आणि त्यावर धर्मशास्त्रीय वाद उभा राहिला! १९८९च्या पुढील सुधारित आवृत्तीत ‘दाउ’ अखेर वगळण्यात आले. मार्टिन बूबर याच्या १९२३च्या जर्मन ग्रंथाबाबतही असेच घडले. मूळ ‘डू’ हे घरातले, जिव्हाळ्याचे सर्वनाम. १९३७च्या इंग्रजी भाषांतरात त्याचे ‘दाउ’ झाले आणि नात्याविषयीचे चिंतन प्रार्थनेसारखे वाटू लागले. १९७०मध्ये वॉल्टर काउफमन यांनी नवे भाषांतर करताना या निवडीवर आक्षेप घेऊन ग्रंथात ‘यू’ वापरले. पण तोवर रूढ झालेले शीर्षक त्यांनाही बदलता आले नाही. मराठीत ‘मी आणि तू’ म्हटले की ही अडचणच उरत नाही.

याच काळात उत्तर इंग्लंडच्या बोलींत मात्र ‘दा’, ‘दी’ ही रूपे शेतात आणि खाणीत नित्याच्या वापरात होती. लीड्स विद्यापीठाच्या वतीने हॅरॉल्ड ऑर्टन यांच्या मार्गदर्शनाखाली १९५० ते १९६१ या काळात झालेल्या बोली-सर्वेक्षणात ती नोंदली गेली. डी. एच. लॉरेन्सच्या १९२८च्या ‘लेडी चॅटर्लीज लव्हर’मध्ये मेलर्स हा प्रमाणभाषेतील ‘यू’ आणि बोलीतील ‘दा’ यांच्यात प्रसंगानुसार ये-जा करतो. कॉनी त्याच्या बोलीचे अनुकरण करू पाहते आणि तिला ते साधत नाही. वर्ग, लिंग आणि जवळीक यांचा सारा तणाव त्या असफल अनुकरणात एकवटला आहे. वेदीवरचा आर्ष शब्द आणि खाणकामगाराच्या तोंडचा गावठी शब्द हे एकच होते. त्यांतला एक ‘उदात्त’ आणि दुसरा ‘ग्राम्य’ ठरला, तो शब्दाच्या वयामुळे नव्हे, तर बोलणाऱ्याच्या स्थानामुळे.

६

या इतिहासाचा मराठी समीक्षेशी आणि भाषांतराशी थेट संबंध आहे. महादेवशास्त्री कोल्हटकरांचे ‘ऑथेल्लो’ (१८६७), आगरकरांचे ‘विकारविलसित’ (१८८३), देवलांचे ‘झुंझारराव’ (१८९०), शिरवाडकरांचे ‘राजमुकुट’ (१९५४), विंदा करंदीकरांचे ‘राजा लिअर’ (१९७४) या दीर्घ परंपरेतील प्रत्येक लेखकाला सर्वनामाची निवड करावी लागली. ती टाळता येण्यासारखी नव्हती. मराठीत ‘तू’, ‘तुम्ही’ आणि ‘आपण’ असा त्रिविध विकल्प आहे. क्रियापदाला त्याची दखल घ्यावी लागते, आणि तृतीय पुरुषातही ‘तो आला’ की ‘ते आले’ हे ठरवावे लागते. या रूपांतरांची चर्चा होते तेव्हा कथानकातील फेरफार, पात्रांची नावे, पद्य की गद्य हे प्रश्न प्रामुख्याने येतात. मूळ संहितेतील सर्वनामबदल अनुवादात कोठे टिकला, कोठे मराठी कुटुंबव्यवस्थेच्या संकेतांनी पुसला गेला, याची पद्धतशीर तपासणी ही त्या चर्चेची स्वाभाविक पुढची पायरी ठरेल.

पुसले जाण्याची शक्यता खरीच आहे. पारंपरिक मराठी घरात आईला ‘तू’ आणि वडिलांना ‘तुम्ही’ म्हटले जाते. हॅम्लेटच्या तोंडी आईसाठी ‘तू’ घातले, तर ते स्वाभाविक वाटते, पण त्या प्रवेशातील दुरावा नाहीसा होतो. सर्वत्र ‘आपण’ घातले, तर राजघराण्याचा थाट येतो, पण एका ओळीतला आघात येत नाही. आईच्या ‘तू’नंतर मुलाचे थंड ‘आपण’ आणि त्यावर आईचेही ‘तुम्ही’ असा क्रम ठेवला, तर मराठी प्रेक्षकाला कोणत्याही टिपेशिवाय तो आघात जाणवेल. आजच्या इंग्रज प्रेक्षकाला तो जाणवत नाही; त्याच्या भाषेत तो भेदच उरलेला नाही. म्हणजे एलिझाबेथकालीन संहितेच्या या एका अंगापुरता मराठी वाचक हा आजच्या इंग्रज वाचकापेक्षा शेक्सपिअरच्या मूळ प्रेक्षकाला अधिक जवळचा आहे. वसाहतकालीन शिक्षणाने त्याला इंग्रजी ‘दाउ’ हे बायबल आणि रोमँटिक कविता यांच्या द्वारा ऐकायला शिकवले आणि स्वभाषेच्या या सामर्थ्याकडे दुर्लक्ष करायला लावले. इंग्रजी साहित्य आधी इंग्रजांच्या अर्वाचीन कानाने ऐकायचे आणि मग मराठीत आणायचे, ही सवय त्यातून आली.

भक्तिपरंपरेचा दाखला येथे उद्‌बोधक आहे. संतांनी विठ्ठलाला ‘तू’ म्हटले, त्याच्याशी भांडण केले, त्याला माउली म्हटले. त्या ‘तू’ला आर्षतेची गरज नव्हती, कारण ते घरातलेच होते. नारायण वामन टिळकांनी ख्रिस्तभक्तीसाठी अभंगाचा आश्रय केला, तेव्हा त्यांना हे सर्वनाम आयतेच मिळाले. इंग्रजी भाविकाला जे ‘दाउ’ जपून ठेवावे लागले, ते मराठी भाविकाच्या रोजच्या बोलण्यात होते. या दोन्ही सर्वनामांचा उगम एक असला, तरी त्यांचे पावित्र्य भिन्न जातीचे आहे. इंग्रजीतील पावित्र्य दुराव्यातून आले, मराठीतील सलगीतून. म्हणूनच रोमँटिक संबोधनकवितेच्या प्रभावाखाली लिहिल्या गेलेल्या आधुनिक मराठी कवितेतील ‘तू’चा विचार करताना, त्यामागे इंग्रजी ‘दाउ’चे अंतर आहे की अभंगातील ‘तू’ची लगट आहे, हे प्रत्येक कवितेपुरते तपासावे लागेल. केवळ ‘इंग्रजीचा प्रभाव’ असे म्हणून तो प्रश्न सुटत नाही.

‘दाउ’ला आर्ष म्हणण्यात चूक नाही. परंतु ते कोणत्या वर्षी, कोणाच्या तोंडी आणि कोणाला उद्देशून आर्ष आहे, हे सांगितल्याखेरीज ती संज्ञा वापरली जाऊ नये. केंटच्या तोंडी ते आर्ष नाही, एलवुडच्या तोंडी नाही आणि मेलर्सच्या तोंडीही नाही. पदव्युत्तर वर्गांसाठी तयार होणाऱ्या शेक्सपिअरच्या मराठी आवृत्त्यांत सर्वनाम बदलते त्या प्रत्येक ठिकाणी समासात एक खूण केली, तरी अभ्यासाची दिशा बदलू शकेल; त्या खुणेजवळ काय घडते आहे, हे मराठीचा विद्यार्थी स्वतःच्या भाषेच्या बळावर ओळखील.